गोड पाण्याचा जाच

देवस्थळींच्या गॅलरीतल्या टबात चोवीस मासे तीन दिवस तळाला बसून होते. खात नव्हते, पोहत नव्हते. चौथ्या दिवशी सकाळी त्यांतला एक उलटा तरंगताना दिसला, तेव्हा दत्तात्रय देवस्थळींनी दाढी अर्धी टाकून पुतणीला फोन लावला.

पुतणी, मैत्रेयी, राजस्थानात माशांवर संशोधन करत होती. ज्या गावतळ्यावर ती जायची ते मे महिन्यात आटत आटत डबक्याएवढं उरलं होतं, आणि ही जात तिला त्या भागात दुसरीकडे कुठेच सापडली नव्हती. तिच्या भाड्याच्या खोलीत तिलाच प्यायला पाणी नव्हतं. म्हणून तिने होते तेवढे मासे दोन कॅनमध्ये भरले, रेल्वेने दिल्ली गाठली आणि द्वारकेत काकांच्या दारात आणून ठेवले. "पाऊस पडेपर्यंत सांभाळ, काका. दोनच महिने," एवढं सांगून ती त्याच संध्याकाळी परत गेली.

मासे दिसायला अगदीच सामान्य होते. बोटाच्या पेराएवढे, राखाडी. "रंग तरी बरा असायचा," असं त्यांच्या बायको वासंतीबाई म्हणाल्याही होत्या. पण देवस्थळींना जबाबदारीची जाणीव होती. त्यांनी चौतीस वर्षं एका मंत्रालयात पाण्याच्या फायली सांभाळल्या होत्या आणि त्यांच्या हातून एकही फाईल मेली नव्हती.

"पाणी कुठलं घातलंयस?" मैत्रेयीने विचारलं.

"आरओचं. आम्ही पितो तेच. शंभर टक्के शुद्ध."

"काका! मरतील ते!"

"अगं, आम्ही पंधरा वर्षं पितोय."

"तुम्ही प्या. त्यांना जड पाणी लागतं. खारट, मचूळ. तोंडात घेतलं तर थुंकून टाकाल असं."

देवस्थळींच्या मनाला हे लागलं. अख्ख्या दिल्लीत चांगल्या पाण्यासाठी मारामार, आणि आता वाईट पाणी कुठून पैदा करायचं? वासंतीबाईंनी स्वयंपाकघराकडे बोट केलं. सिंकमध्ये आरओच्या नळीतून टाकाऊ पाणी ठिबकत होतं. पाण्यातले जेवढे म्हणून क्षार यंत्र गाळून काढतं, ते सगळे त्या नळीतून बाहेर पडत होते.

बादलीभर ओतलं. तासाभरात तेवीसच्या तेवीस मासे टबात अशी धावपळ करू लागले, जणू त्यांना कुठेतरी वेळेवर पोचायचं होतं.

पण रोज निम्मं पाणी बदलायचं होतं, टब मोठा होता आणि दोन म्हातारी माणसं पिऊन पिऊन पिणार किती? तेव्हा देवस्थळी वरच्या मजल्यावर चंद्रप्रभा जैन यांच्याकडे गेले.

"भाभीजी, आपके आरओ का जो वेस्ट पानी निकलता है, वो रोज़ मिल जाएगा क्या? मछलियों के लिए चाहिए."

चंद्रप्रभाबाईंचा चेहरा जरा उतरला, पण त्या "बिल्कुल, भाईसाहब" म्हणाल्या. दुसऱ्या दिवसापासून घासूनपुसून लख्ख केलेली, वर मलमलचं फडकं बांधलेली स्टीलची बादली येऊ लागली. आणि मासे पुन्हा तळाला जाऊन बसले.

तिसऱ्या दिवशी देवस्थळींनी त्या बादलीत बोट बुडवून चाटलं. गोड! ते तसेच वर गेले.

"मूक जीव हैं, भाईसाहब," चंद्रप्रभाबाई म्हणाल्या. "गंदा पानी देकर पाप लूँ क्या? मैंने तो पीनेवाला दिया. वो भी दो बार छानकर."

"पर भाभीजी, उन्हें गंदा ही चाहिए."

"चाहिए तो बच्चों को रोज़ पिज़्ज़ा भी होता है."

देवस्थळी खाली आले आणि आयुष्यात पहिल्यांदा खोटं बोलायचं ठरवलं. माशांचं नावच काढायचं नाही, लादी पुसायला हवं म्हणायचं. सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर त्यांनी लिहिलं: पोछा लगाने के लिए आरओ का वेस्ट पानी चाहिए, कृपया सहयोग करें.

सोसायटीला असं काही हवंच होतं. दहा मिनिटांत सेक्रेटरीने हात जोडलेल्या चिन्हांसह लिहिलं, 'देवस्थळी जी से सीखिए, पानी बचाइए.' संध्याकाळपर्यंत दारात नऊ बादल्या आल्या. रविवारपर्यंत एकतीस झाल्या. जिन्यात, लिफ्टसमोर, चपलांच्या कपाटावर, सगळीकडे बादल्या. काही माणसं तर बादली ठेवून, तिच्याशेजारी उभं राहून सेल्फी काढून गेली.

"अहो, नको म्हणा ना आता," वासंतीबाई म्हणाल्या.

"कसं म्हणू? सहयोग करा असं मीच लिहिलंय."

चढत्या उन्हात त्या बादल्या आठवडाभर उभ्या राहिल्या. पुढच्या सोमवारी पालिकेची डेंग्यू तपासणारी बाई टॉर्च घेऊन आली. तिने पहिल्याच बादलीत प्रकाश टाकला, आणि पाण्यात बारीक बारीक अळ्या आनंदाने वळवळताना दिसल्या.

"अंकल, ये क्या डेंग्यू की फ़ैक्टरी खोल रखी है?"

तिने पुस्तकातून नोटीस फाडून हातात दिली. साठवलेलं सगळं पाणी चोवीस तासांत ओतून टाकायचं होतं. बादल्यांचं देवस्थळींना काही वाटलं नाही. पण बाई गॅलरीत शिरली, टबाकडे बघितलं आणि म्हणाली, "ये भी."

पुढे वासंतीबाई झाल्या. त्यांनी अळ्यांच्या बादलीतून मगभर पाणी काढलं आणि टबात ओतलं. "देखिए."

तेवीस राखाडी मासे चारी बाजूंनी सुटले. मिनिटभरात पाणी स्वच्छ. बाईने वाकून सगळीकडे टॉर्च फिरवला. एक अळी मिळेना.

"अरे वाह!" ती मनापासून म्हणाली. "पर आंटी, फ़ॉर्म में मछली का कॉलम नहीं है. पानी का है. टब तो लिखना ही पड़ेगा."

ती गेल्यावर देवस्थळी नोटीस घेऊन खुर्चीत बसले. पुढची बाजू वाचली, मागची वाचली, आणि मागच्या बाजूच्या सर्वांत बारीक ओळीवर त्यांचा चेहरा हळूहळू उजळला. पंधरा दिवसांत लेखी म्हणणं मांडायची मुभा होती, आणि निर्णय होईपर्यंत कारवाई स्थगित.

बादल्या त्यांनी त्याच दिवशी रिकाम्या केल्या. मग टेबलावर बसून तीन पानी उत्तर लिहिलं, सात जोडपत्रांसह. प्रश्न एकच विचारला होता: मासे असलेला टब हा 'साठवलेले पाणी' समजावा की 'जलाशय'? आणि जलाशय असल्यास तो कोणत्या विभागाच्या अखत्यारीत येतो? विभागांची नावं त्यांनी सोयीसाठी खाली दिली होती. चार होती.

"आता?" वासंतीबाईंनी विचारलं.

"आता काही नाही," देवस्थळी समाधानाने म्हणाले. "पावसाआधी हलत नाही ती फाईल."

आणि नाहीच हलली. जुलैच्या मध्याला मैत्रेयी आली तेव्हा टबात तेवीसच्या जागी शंभराच्या वर मासे होते. पिल्लं तर मोजताच येत नव्हती. देवस्थळींनी तिला हात धरून गॅलरीत नेलं. मैत्रेयीने बराच वेळ टबात पाहिलं आणि आपले कॅन न उघडता भिंतीशी ठेवून दिले.

"तिकडे पाऊस झाला ना?" त्यांनी विचारलं.

"झाला. पण तळं सुधारलं, काका."

तिने फोनमधला फोटो दाखवला. तळ्याला चारी बाजूंनी निळं सिमेंट, बसायला बाक, मधे कारंजं. नळाचं गोड पाणी सोडलेलं, त्यात लाल-पिवळे परदेशी मासे. कडेला गावकरी हार घालून उभे होते.

"छान दिसतंय गं," वासंतीबाई म्हणाल्या आणि त्यांनी लगेच जीभ चावली.

"यांना कुठे सोडणार मग?" देवस्थळींनी विचारलं.

"दुसरं तळं शोधतेय. कोणाचं लक्ष न गेलेलं. मिळेपर्यंत जगात हे एवढेच, निदान मला माहीत असलेले."

मैत्रेयीने पिशवीतून एक छापील तक्ता काढला. प्रत्येक जातीची नोंद ठेवावी लागत होती. तिने 'नैसर्गिक अधिवास' या रकान्यावर थोडा विचार केला आणि लिहिलं: द्वारका, तिसरा मजला, मागची गॅलरी.

"संरक्षकाचं नाव काय लिहू?"

देवस्थळींनी घसा साफ केला. "लिही. श्री. दत्तात्रय..."

"वासंती देवस्थळी लिही," वासंतीबाई म्हणाल्या. "रोज पाणी कोण बदलतं?"

मैत्रेयीने काकांकडे पाहिलं. देवस्थळींनी एकदा टबाकडे पाहिलं, एकदा बायकोकडे. मग ते उठले आणि रिकामी बादली घेऊन शेजाऱ्यांकडे गेले.