वेल्सची पाचवी खेळाडू

कार्डिफमध्ये बावीस हिवाळे काढले आणि एकदाही पाय घसरला नाही, ही मधुमती कारखानीसची सगळ्यात मोठी फुशारकी होती. चार मराठी घरं जमली की कुणी मुलांच्या डिग्र्या सांगे, कुणी घरामागच्या नव्या काचेच्या कन्झर्व्हेटरीचं कौतुक सांगे. मधुमती हे सांगायची.

त्यामागे केवढी भीती होती ते तिचं तिलाच ठाऊक. ती हॉस्पिटलात फिजिओथेरपिस्ट होती, तीही हाडांच्या वॉर्डात. नोव्हेंबरात रस्त्यावरचं पाणी गोठलं की तिच्याकडे माणसांची रांग लागे. कचऱ्याचा बिन बाहेर ठेवायला गेलेली, दारातली दुधाची बाटली उचलायला वाकलेली, बस पकडायला चार पावलं पळालेली. मागे पडलं की माकडहाड, कुशीवर पडलं की खुबा, हात टेकून पडलं की मनगट. तिला हे सगळं पाढ्यांसारखं पाठ होतं. त्यामुळे नोव्हेंबर ते मार्च ती नवऱ्याच्या कोटाची बाही धरून बदकासारखी चाले.

अशा बाईच्या पोटच्या पोरीने बर्फावरचा खेळ निवडला. रश्मी युनिव्हर्सिटीसाठी स्कॉटलंडला गेली आणि तिथे कर्लिंग शिकली. वीस किलोचा, वर मूठ लावलेला गुळगुळीत दगड बर्फावरून ढकलायचा, तो चाळीस पावलांवर रंगवलेल्या वर्तुळात जाऊन थांबला पाहिजे. तो मध्येच दमायला लागला तर साथीदारांनी त्याच्या पुढे पळत ब्रशने बर्फ घासायचा, म्हणजे तो आणखी थोडा सरकतो. मधुमतीच्या मते हा फरशी पुसण्याचाच प्रकार होता, फक्त जास्त धोक्याचा. पण वेल्समध्ये हा खेळ खेळणाऱ्या मुली हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या, आणि रश्मी जन्माने कार्डिफची. दोन वर्षांत ती वेल्सच्या संघात गेली, आणि नव्वदीच्या सुरुवातीच्या एका डिसेंबरात युरोपातल्या देशांच्या स्पर्धेसाठी स्कॉटलंडमधल्या पर्थला निघाली.

संघाला फिजिओ नाही असं कळल्यावर मधुमतीने रजा टाकली. तिने संघाच्या सेक्रेटरीला, मिसेस प्रिचर्डना, फोनवर सांगूनच टाकलं की माझ्या हाताखालचा माणूस कधी खेळ सोडून बाहेर बसत नाही. मिसेस प्रिचर्ड खूश झाल्या. अडचण एकच होती. बर्फाच्या कडेपर्यंत जायचा पास फक्त पाच जणींना मिळे, आणि त्या पाचही जणींची नावं खेळाडूंच्या यादीत असावी लागत. खेळणाऱ्या चौघी होत्या. पाचवी, राखीव खेळाडू, त्यांच्याकडे नव्हतीच. तेव्हा एक फॉर्म पोस्टाने आला. त्यात बुटाचं माप विचारलं होतं आणि तुम्ही उजव्या हाताच्या की डाव्या, तेही. मधुमतीला वाटलं, बूट फुकट देताहेत आणि मसाज कुठल्या हाताने करते ते विचारताहेत. तिने साडेचार नंबर लिहिला, उजव्यावर खूण केली आणि सही ठोकली.

पर्थच्या त्या हॉलमध्ये शिरल्याबरोबर ती दारातच थबकली. एका नजरेत इतका बर्फ तिने बावीस वर्षांत पाहिला नव्हता. एकाशेजारी एक, सहा लांबलचक पट्टे, आणि त्यांच्यावरून माणसं चक्क धावत होती. ती कडेच्या बाकावर बसली आणि बाकाची कड तिने घट्ट धरली. सुरुवातीचे तीन दिवस ती त्या बाकावरून फक्त जेवायला उठली.

चौथ्या दिवशी ग्वेंडाला फ्लू झाला. ग्वेंडा आणि नेरिस या बहिणी, एलुनेड ही कॅप्टन, आणि चौथी रश्मी. तिघींनी खेळलेलं नियमात बसत होतं, तेव्हा तिघी खेळल्या आणि हरल्या. पण दोघींनी खेळलेलं चालत नाही, हे रश्मीने जेवताना सहज सांगितलं होतं. मधुमतीने ते ऐकलंही नव्हतं. ती त्या वेळी बाहेरच्या कार पार्कमध्ये मीठ टाकलंय की नाही याच्या काळजीत होती.

शेवटच्या सामन्याच्या दिवशीही ग्वेंडा तापातच होती, आणि सकाळी नेरिस मान थोडी अवघडली म्हणून तिच्याकडे आली. सामना डेन्मार्कशी होता. मधुमतीला अखेर काम मिळालं. तिने नेरिसला खुर्चीत बसवलं, सैल सोडायला सांगितलं आणि हजारदा केलेली ती हलकी कलाटणी मानेला दिली. कट्ट आवाज झाला. नेरिसने डोळे उघडले. तिची मान डाव्या खांद्याकडे वळली होती आणि तिथेच राहिली होती. मधुमतीने शेक दिला, मलम चोळलं, मनातल्या मनात रामरक्षा म्हटली. मान जागची हलली नाही. आठवडाभराने सुटेल, घाबरायचं कारण नाही, असं तिने नेरिसला सांगितलं आणि स्वतःच घाबरून पाणी प्यायली.

सामन्याला दहा मिनिटं होती. अंपायर, उंच, पांढऱ्या केसांच्या एक स्कॉटिश बाई, हातात यादी घेऊन आल्या. एलुनेड आणि रश्मी त्यांच्याशी बोलत होत्या. मधुमतीला वाटलं, आता आपली चौकशी होणार, आपलं लायसन्स जाणार. ती उठून उभी राहिली आणि म्हणाली की चूक सर्वस्वी माझी आहे.

अंपायरबाईंनी यादीवरून नजर वर केली आणि विचारलं, “एम. कारखानीस? उजव्या हाताने?”

मधुमतीने मान डोलावली. रश्मी तिच्याजवळ आली. पोरगी पांढरीफटक पडली होती.

“आई, तुझा नाव लिस्टवर आहे. तिघी नाय झाल्या तर आपण मॅच देऊन टाकायची. डेन्मार्क न खेळता जिंकणार.”

“मग देऊन टाका,” मधुमती म्हणाली. “हाडं तरी शाबूत राहतील.”

“सात दिवस हरलो आम्ही, पण एकदा पण पळून नाय गेलो.” एवढं बोलून रश्मी थांबली. मग हळू आवाजात म्हणाली, “तू पडशील म्हणून मला पण भीती वाटते. तरी ये.”

पोरीने आजवर आईकडे पैसे मागितले होते, गाडी मागितली होती. पण हे असं कधी काही मागितलं नव्हतं. मधुमतीने बूट घातले. साडेचार नंबर अगदी बरोबर बसला. एका बुटाच्या तळाला घसरण्यासाठी गुळगुळीत पट्टी असते असं कळल्यावर तिने त्या पट्टीवर रबराचं पायमोजं चढवून घेतलं, आणि कॅप्टनने कितीही समजावलं तरी ते काढलं नाही. दोन्ही हातांनी ब्रश काठीसारखा टेकत ती बर्फावर उतरली. पहिलं पाऊल टाकताना तिला वॉर्डातले सगळे पलंग ओळीने दिसले.

तिघींत खेळायचं तर पहिलीने प्रत्येक डावात तीन दगड सोडायचे, आणि सगळ्यात सोपं काम म्हणून मधुमती पहिली. बाकीच्या खेळाडू दगडाबरोबर गुडघ्यावर घसरत पुढे जात. मधुमती जागच्या जागी वाकली, दगडाची मूठ धरली आणि कोपऱ्यातलं कपाट सरकवावं तसा तो ढकलला. दगड अर्ध्या वाटेत थांबला. दुसराही तसाच. नियमाप्रमाणे ते उचलून बाजूला ठेवले गेले. तिसरा तिने रागाने ढकलला, तर तो वर्तुळ ओलांडून पार मागच्या फळीवर आदळला. शेजारच्या पट्ट्यावरच्या स्विस मुलींनी खेळ थांबवून पाहिलं.

पण खरा जीव जायची वेळ पुढेच होती. रश्मी दगड सोडणार, तेव्हा ब्रश मारायला मधुमतीशिवाय होतंच कोण? दगड निघाला, ती त्याच्यापुढे लगबगीने निघाली, आणि पलीकडच्या टोकाहून एलुनेड गळ्याच्या शिरा ताणून ओरडायला लागली, “हरी! हरी!” शेजारच्या पट्ट्यांवरूनही हरी, हरी असाच गजर चालला होता. लवकर कर, लवकर कर, असं इंग्रजीत ओरडताहेत हे मधुमतीला माहीत होतं. पण त्या घडीला तिला ते तसं ऐकूच आलं नाही. आपल्याला पोचवायला आलेली माणसंच नाव घेताहेत असं वाटून तिच्या अंगावर काटा आला, आणि त्या काट्यासरशी ती इतक्या जोरात घासायला लागली की दगड दोन हात पुढे गेला.

चार डाव असेच गेले. तिला वरचे दिवे दिसत नव्हते, प्रेक्षक दिसत नव्हते; फक्त पुढचं पाऊल दिसत होतं. पाचव्या डावात मात्र तिच्या हाताला एक गोष्ट उमगली. भरलेली ट्रॉली वॉर्डच्या कॉरिडॉरमध्ये हलकेच सोडून द्यावी आणि ती बरोबर लिफ्टपाशी थांबावी, हे ती रोज करत होती. तिने दगड तसा सोडला. तो गेला, गेला, आणि वर्तुळाच्या तोंडाशी डेन्मार्कच्या वाटेत जाऊन बसला. सहाव्या डावात असे दोन बसले. डेन्मार्कची कॅप्टन इंगर, लाल गालांची, भरलेल्या खांद्यांची बाई, तिच्याकडे पहिल्यांदाच कपाळाला आठी घालून पाहायला लागली.

भिंतीवरच्या फळ्याकडे मधुमतीने नवव्या डावानंतर पाहिलं. डेन्मार्कच्या ओळीतली शेवटची पाटी नऊची, वेल्सच्या ओळीतली आठची. एका गुणाचा फरक आणि एकच डाव शिल्लक! आता तिला वेगळीच भीती चढली. इतका वेळ तिचीच हाडं मोडायची होती. आता तिच्या हातून सगळ्या देशाचं नुकसान होणार होतं.

शेवटच्या डावातला शेवटचा दगड एलुनेडचा होता. वेल्सचा एक दगड आधीच वर्तुळाच्या मधोमध होता. हाही आत गेला तर दोन गुण. रश्मी पलीकडे ब्रश धरून उभी. दगड निघाला, तसा रश्मीचा आवाज फुटला. मधुमती घासत सुटली. ती बदकासारखी चालत नव्हती, ती पळत होती, आणि हे तिच्या लक्षातही आलं नाही. वर्तुळाच्या तोंडाशी दगडाने किंचित वळण घेतलं, तिचा डावा पाय मागे राहिला, आणि बुटाच्या टोकाला काहीतरी थंड, गुळगुळीत लागलं. अगदी निसटतं. दगड पुढे सरकला आणि पहिल्या दगडाशेजारी अलगद थांबला.

हॉलमध्ये टाळ्या सुरू झाल्या. नेरिस वाकड्या मानेने उभी राहून टाळ्या वाजवत होती. एलुनेडने ब्रश उंचावला. रश्मी दोन्ही हात पसरून आईकडे येत होती.

चालत्या दगडाला आपला पाय लागला तर तो दगड बाद, आणि ते आपलं आपणच सांगायचं, हे रश्मीने तिला पहिल्याच दिवशी अभिमानाने सांगितलं होतं. कुणी पाहिलं नव्हतं. अंपायरबाई दुसऱ्या पट्ट्यावर होत्या. सांगितलं तर पोरीचा विजय तिच्याच आईने घालवला असं होणार, आणि न सांगितलं तर उद्यापासून पोरीच्या डोळ्यांत कसं बघायचं? तिने शाळेतल्या मुलीसारखा हात वर केला.

“माझा पाय लागला,” ती इंग्रजीत म्हणाली. आवाज इतका बारीक आला की तिला ते पुन्हा सांगावं लागलं.

टाळ्या थांबल्या. रश्मीचे पसरलेले हात तसेच राहिले. इंगर वर्तुळात आली, दोन्ही दगडांकडे पाहिलं, मधुमतीच्या बुटाकडे पाहिलं. मग तिने मोडक्या इंग्रजीत शांतपणे सांगितलं की दगड राहू दे, तो तिथेच जाणार होता. आणि तेरा-पाच काय, तेरा-चार काय, आम्हाला सारखंच.

मधुमतीने रश्मीकडे पाहिलं.

“फळ्यावर नऊ आणि आठ होतं ना?”

“तो कितवा डाव ते असतो, आई. स्कोअर वरच्या लाइनमध्ये.” रश्मी हसत होती की रडत होती ते सांगणं कठीण होतं. “आपण कधीच हरले होते. सहाव्या डावानंतर एलुनेड शेकहँड करून मॅच सोडणार होती. मीच नको म्हटला.”

“का गं?”

“तू तेव्हा पहिल्यांदा नीट चालत होता,” रश्मी म्हणाली, आणि तिने आईला दोन्ही हातांनी धरून बर्फावरून बाहेर आणलं.

बाकावर बसल्यावर मधुमतीने आधी ते बूट काढले. मग इंगरने तिला चहा आणून दिला, एलुनेडने पाठ थोपटली, आणि कुणीतरी कार्यक्रमपत्रिकेवर तिची सही घेतली. चहा संपवून ती फोनपाशी गेली. तिचा नवरा राजीव घरीच होता.

“राजीव, मी आज खेळले,” ती म्हणाली. “वेल्सकडून. डेन्मार्कशी.”

पलीकडे टीव्हीचा आवाज येत होता. “बरं झालं,” राजीव म्हणाला. “रश्मी कशी आहे?”

“अरे, खरंच खेळले. इतकी घाबरले होते म्हणून सांगू.”

“तुला घाबरायला काय झालं? तू तर नुसती बाकावर बसून असतेस.” मग त्याला काहीतरी आठवलं. “बरं, ऐक, फ्रीझरमध्ये सगळे डबे सारखेच दिसतात. आमटी कुठली?”

मागे रांगेत तीन फिनिश मुली फोनसाठी ताटकळत उभ्या होत्या. मधुमतीने एक खोल श्वास घेतला.

“निळ्या झाकणाचा,” ती म्हणाली. “आणि पिवळ्यातली नाही हं, ती खीर आहे.”