उरतील तेवढ्या

त्या दुपारी आम्ही दोघं मागच्या दारी राखेनं ताटं घासत होतो. आमची मंडळी म्हणाली, "अवं, अडीच आज दोनावरच उठला. काय बिनसलंय, इचारा त्याला."

अडीच म्हणजे माणूस. चिंचवडला कारखाने नुकतेच येऊ लागले होते, तेव्हा स्टेशनाजवळ आमची खानावळ होती. खानावळ म्हणजे आमची हीच. मी नुसता पाणी भरणारा. हिनं कुणाचं नाव कधी ध्यानात ठेवलं नाही. जो जितक्या भाकरी खाई, तेच त्याचं नाव. कारखान्याचा मोठा फोरमन दुसऱ्यांदा जेवायला आला, तर सगळ्यांसमोर त्याला म्हणाली, "ए दीड, सरकून बस!" फोरमन मुकाट सरकला.

"अडीच बी समोर जानार असंल," मी म्हणालो. समोरच्या हॉटेलात टेबलखुर्च्या आल्या होत्या. पंधरवड्यात आमची निम्मी पंगत तिकडं गेली. मी दारातून तिकडची गिऱ्हाइकं मोजायचो, आणि ही म्हणायची, "खुर्ची काय चावून खात्यात व्हय?"

लग्नाला वीस वर्षं झाल्यावर मी एकदा विचारलं होतं, "तुझ्या किती गं?"

"उरतील तेवढ्या."

मी हसलो आणि हात धुवायला गेलो. उरतात का, ते टोपलीत वाकून बघितलं नाही. एवढी अक्कल मला नव्हती.

ताटं घासून झाली. ही ज्वारीच्या पोत्याला टेकून बसली, ती उठलीच नाही. संध्याकाळी पवनेकाठी नेली.

दुसऱ्या दिवशी सकाळी उरलेली पंगत दारात आली. मी म्हणालो, "सुतक हाय. चूल पेटत न्हाई. समोर जा, खानावळ संपली."

"मग आमाला बी सुतक," अडीच म्हणाला. "समोर मला अडीच कोन म्हनंल, काका?" त्यानं अंगणात तीन दगड मांडले, जाळ केला. चार आणि आणखी एकजण पीठ मळायला बसले. भाकरी कसल्या, फाटके नकाशे.

मला तिचं सांगणं आठवलं. मी अडीचला विचारलं, "परवा... न्हाई, कालच. दोनावरच का उठलास रं?"

तो जाळाकडं बघत म्हणाला, "टोपलीत येकच ऱ्हायली व्हती. मावशी माझ्यापायी ती मोडाया लागल्या."

मी उठलो. तव्यावरची पहिली भाकरी घरात तिच्या दिव्यापाशी ठेवली. मग दुसरी ठेवली. मग टोपली घेऊन अंगणात आलो.

"ए चार, सरकून बस!"