डोमाजीभाऊंचा पाव घंटा

मागच्या वर्षी माझ्या एका पायामुळे सोळा माणसांचा पाव घंटा वाया गेला. हे मी म्हणत नाही, डोमाजीभाऊ म्हणतात, आणि आतापर्यंत त्यांनी ते अर्ध्या सिंदेवाहीला सांगितलं आहे.

झालं असं. डोमाजीभाऊ आमचे शेजारी. गावाबाहेर त्यांच्या धानाच्या चार बांध्या आहेत, चार खाचरं. शेवटच्या बांधीतली लावणी, म्हणजे रोवणा, संपला की त्यांच्या घरचा एक रिवाज असतो. शेजारच्या ओल्या पडीत जागेवर रोवणाऱ्या बाया, शेजारीपाजारी, सगळ्यांनी हातात हात धरून एका रांगेत उभं राहायचं आणि रोवताना बाया जशा मागं मागं सरकतात, तसं उलटं चालत पलीकडच्या बांधापर्यंत जायचं. बोलायचं नाही. डावा पाय आधी. सगळ्यांचे पाय एकदम पडले तर दिवस पाव घंटा मागं सरकतो.

मी पहिल्यांदाच गेलो होतो. पोचलो तेव्हा रांग लागलेली होती. एका टोकाला खुद्द भाऊ, आणि त्यांचा डावा हात मोकळा. मी धावत जाऊन तो धरला आणि पूर्ण आत्मविश्वासानं उजवा पाय टाकला. मी पडलो. भाऊ पडले. मग एकामागून एक सगळी रांग चिखलात बसली. दुसऱ्या टोकाचे रफीकभाई टेलर ओरडले, "क्या मास्टरजी! एक धागा खींचा और पूरी सिलाई उधड़ गई!"

भाऊंनी मिशीचा चिखल पुसला. "सर, डावा सांगतला होता ना? गेला पाव घंटा!"

त्यानंतर वर्षभर माझा पाय गाजत राहिला. भाऊंची चंद्रपूरची बस चुकली, सरच्या पायानं. दूध उतू गेलं, सरच्या पायानं. रफीकभाईंनी कुणाचा ब्लाउज वेळेत दिला नाही, तर तेही माझ्या पायाकडे बोट दाखवू लागले.

भाऊ आमच्याच शाळेत शिपाई होते. रुळाच्या तुकड्यावर टोला हाणून तास बदलणं हे त्यांचं काम. गणिताच्या पेपरला त्यांची शेवटची घंटा हमखास उशिरा पडे. मुख्याध्यापक तावातावानं आले की शांतपणे म्हणत, "टाइम झालाच नाई अजून. पोट्टे लिहून राह्यले ना." आजही त्यांच्या मनगटावर बंद घड्याळ असतं. "चालू घड्याळ लई बोलते," म्हणतात. दिसेल त्याला किती वाजले ते विचारायचं आणि उत्तर मिळालं की मान हलवायची, "नाई, तेवढे नाई वाजले." त्यांच्या पत्नी पारबताबाई होत्या तोवर घरातून लगेच आवाज येई, "वाजले! भात निवला!" तीन पावसाळ्यांपूर्वी त्या गेल्या. आता भात मुकाट्यानं निवतो.

यंदा रोवणा संपायच्या आदल्या संध्याकाळी भाऊ स्वतः घरी आले. चहा नको म्हणाले.

"सर, उद्या शेपटाले लागा. माह्या बाजूनं नोका येऊ. आन डावा पाय."

"भाऊ, करता काय एवढं पाव घंट्याचं?"

"मांगचा गेला, तो गेला. यंदाचा पायजे मले," एवढंच म्हणून ते उठले.

मग माझ्या बायकोनं, सुनंदानं, अंगणात माझी तयारी घेतली. पंचवीस वर्षं मी मुलांकडून कवायत करून घेतली आहे. ती माझ्या काहीही कामी आली नाही.

दुसऱ्या दिवशी आम्ही पुन्हा सोळाच जण होतो. मी शेपटाला, सुनंदाचा हात धरून. डावा. उजवा. डावा. आधी सोळा पायांचे सोळा आवाज येत होते, कुणाचा पुढं, कुणाचा मागं. मग ते आठ झाले, चार झाले, आणि अर्ध्यावर आलो तेव्हा चिखलात एकच आवाज उठू लागला. चप्. चप्. एवढ्यात रांग जराशी वाकली आणि दुसऱ्या टोकाचे भाऊ मला दिसले. त्यांचा मोकळा डावा हात खाली लोंबत नव्हता. तो बाजूला धरलेला होता, बोटं अलगद मिटलेली, चिखलानं निसरडा झालेला कुणाचा हात धरावा तशी.

बांधाशी पोचलो. निघताना मोहाच्या झाडाची सावली एका दगडाला टेकली होती, ती तिथंच होती. मी मास्तर माणूस, सावली मुलांना शिकवतो. खोटं सांगणार नाही. निघण्याआधी बांधावर ठेवलेल्या किटलीतल्या चहानं तर जीभ भाजली.

"किती वाजले, सर?" भाऊंनी विचारलं.

माझ्या घड्याळात पाच वाजून दहा मिनिटं झाली होती. "पाच वाजायचे हायत, भाऊ."

जन्मात पहिल्यांदा भाऊंनी मान हलवली नाही. किटली उचलता उचलता हळूच म्हणाले, "आज आयकू आला."

"काय?"

"सतरावा पाय," म्हणाले आणि किटली धुवायला पाटाकडे गेले.

परतताना स्कूटरवर सुनंदा मागून म्हणाली, "पारबताबाई रांगेत भाऊच्या डाव्या अंगाले राहत. साऱ्यायले माहीत हाय."

मी ब्रेक दाबला. "मंग मांगच्या वर्षी मले सांगतलं काऊन नाई? भाऊ बी सालभर पाय पायच करत राह्यले!"

"मी सांगत होती, त भाऊनंच नाई म्हटलं. जागा चुकली हे समजलं असतं, त तुम्ही पुन्हा आले असते का तिथी? पाय काय, कोणाचाबी चुकते."

घरी पोचलो. सुनंदा न्हाणीपाशी पायांचा चिखल धूत बसली. मी तांब्यानं पाणी घालत होतो. वर न बघताच ती म्हणाली, "मी आंधी गेली, त माही जागा सोडून ठेवान ना?"

मी होकाराची मान डोलावली.

"नुसती मान नोका डोलवू," ती म्हणाली. "डावा पाय आंधी, तेवढं ध्यानात ठेवा. नाई त मले बी पाडान."