सावलीच्या मावशीचा मिक्सर

त्या सकाळी मिक्सरने हर्षाला असा झटका दिला की हातातली वाटी उडून बेसिनमध्ये पडली. आवाज ऐकून राजदीप सर आतल्या खोलीतून धावत आले. त्यांनी आधी मिक्सरकडे पाहिलं, मग बायकोकडे.

"याले काई झालं तर नाई ना?"

"त्याले काऊन होईल? मले झालं!"

"चप्पल घालून लावत जा ना. वस्तू चांगली आहे, करंटचं तेवढं सांभाळून घेतलं की झालं."

राजदीप रामटेके वडशाच्या कॉलेजात समाजशास्त्र शिकवत आणि दर रविवारी चंद्रपूरच्या एका दैनिकात लिहीत. विषय एकच : माणूस गरज नसताना विकत का घेतो आणि वस्तूत जीव असताना ती फेकून का देतो. लेख वाचून गावोगावच्या लोकांनी जुने रेडिओ दुरुस्त केले, शर्टांच्या पिशव्या शिवल्या. घरात हे तत्त्व जरा जास्तच नांदत होतं. फुटक्या बादलीत मोगरा होता, मोडक्या छत्रीच्या काड्यांवर वालाची वेल होती आणि चहा बिनकानाच्या कपात होता.

हर्षा पोस्टात नोकरीला. त्या संध्याकाळी तिने गुणवंतरावांच्या दुकानातून आपल्या पगारातून नवा मिक्सर घेतला. घरी कोणी नव्हतं. तिने खोका शेजारच्या कांताबाईकडे सरकवला, मिक्सरला घासणीने ओरखडे पाडले, तेलात राख कालवून चोळली आणि वरून हळदीचा हात फिरवला. नवी नवरी उंबरा ओलांडून आत यावी आणि तासाभरात तिची आजी व्हावी, तसं त्या मिक्सरचं झालं.

"सावली गावच्या कमळामावशीनं देल्ला जी," तिने रात्री ताट वाढताना सांगितलं. "वीस वर्षांपासून माळ्यावर पडून होता."

सरांनी बटण दाबलं. मिक्सर घुमला. सरांचा चेहरा उजळला. "आवाज ऐक! जुनी मोटर आहे. आताच्या कंपन्या असं बनवतेत का? आजकालचा मिक्सर दोन वर्षांत बसते."

हर्षाला वाटलं, सुटले. पण रविवारी लेख आला : 'मावशीचा मिक्सर'. सोमवारपासून पोस्टाच्या खिडकीवर लोक तिकिटाआधी मिक्सरची खुशाली विचारू लागले. दुपारी मावशीचा फोन.

"हर्षे, मी तुले मिक्सर कवा देल्ला वं?"

"मावशी, तू चूप बस ना जरा."

"चूप कशी बसू? सकाळपासून लोक येऊन राह्यले. म्हणतेत, माळ्यावरचं बाकी सामानबी दाखवा. माह्या घराले माळाच नाई!"

हर्षाने त्याच दिवशी सगळं सांगून टाकायचं ठरवलं. "अजी, ऐका ना, त्या मिक्सरचं—"

"तेच सांगून राह्यलो. कॉलेजात पुनर्वापर मेळावा आहे. मिक्सर चादरीत गुंडाळून नेऊ. मावशीचा सत्कार ठेवला."

मेळाव्याला हॉल भरला. स्टेजवर टेबलाला हार, हारामागे मिक्सर. मावशी येताना कुरकुरतच आली होती. पण अंगावर शाल पडली, टाळ्या वाजल्या आणि तिच्या तोंडात सरस्वती आली. "माह्या हाताखाली लहानाचा मोठा झाला हा मिक्सर," ती माइकवर म्हणाली. हर्षाने डोळे मिटून घेतले.

सरांनी भिजवलेली डाळ भांड्यात घातली. क्षणात लोण्यासारखी वाटून निघाली. पुन्हा टाळ्या. मग व्यापारी मंडळींकडून पाहुणे म्हणून आलेले गुणवंतराव बोलायला उठले. मिक्सरजवळून जाताना ते थबकले. वाकून पाहिलं. मग पहिल्या रांगेतल्या हर्षाकडे पाहिलं, आणि माइक सुरू आहे हे विसरून कळवळून म्हणाले,

"मॅडम, महिन्याभरातच काय हालत झाली हो याची! सांगाचं ना मले. गॅरंटीत आहे, उद्या बदलून देतो!"

मावशीने शाल काढली, घडी केली, शालीकडे एकदा पाहिलं आणि पुन्हा अंगावर घेतली.

सरांचा चेहरा राखेहून राखाडी. "हर्षा, हे खरं आहे?"

हर्षा उठून स्टेजवर गेली. "खरं आहे जी. नवा घेतला, मीच जुना केला. खोटं बोलली, चुकलंच माहं. पण तुमी येवढं लिहून राह्यले, कोणची वस्तू किती वर्षं जगते. तो जुना मिक्सर मले रोज करंट देत होता. मी किती वर्षं जगाचं, ते कोणत्या लेखात आहे?"

मागच्या रांगेतून एका बाईची टाळी आली. मग दुसरीची. मग सगळ्या बायकाच वाजवायला लागल्या, आणि नवरे आपापले जोडे निरखू लागले.

सर स्कूटरवर मिक्सर पायाशी ठेवून घरी आले. आल्यावर त्यांनी जुना मिक्सर काढला, वायर लावली, अनवाणी उभं राहून बटण दाबलं आणि आयुष्यात प्रथमच स्वयंपाकघरात उंच उडी मारली. पुढच्या रविवारी त्यांनी हे सगळं, उडीसकट, लिहून टाकलं. शेवटी एवढंच लिहिलं, की वस्तू वापरणाऱ्याला न विचारता वस्तूवर लिहू नये.

आठवड्याने सावलीच्या महिला मंडळाचा फोन आला. खुशबूताई नावाच्या अध्यक्षीणबाई होत्या. सरांनी घसा साफ केला. "हो, हो, येतो ना. विषय काय ठेवू?"

"विषय मॅडम ठरवतीन जी. बोलणारबी त्याच. तुमी आले तर बरंच होईल, डाळ भिजवून आनाले कोणी पाह्यजे ना."

सरांनी फोन ठेवला. घरातल्या प्रत्येक वस्तूचा जन्म, दुरुस्ती आणि वंशावळ ज्यांना तोंडपाठ होती, ते राजदीप सर स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभे राहिले. मग हळूच म्हणाले,

"हर्षा, आपल्याकडे डाळ कोणच्या डब्यात असते वं?"