ड्रॅगनच्या गुहेतली ओली लादी

सहावं प्रकरण वाचायला मास्तर काचेपलीकडच्या खोलीत बसले तेव्हा दुपारचे अडीच वाजले होते, पोटात नुकतंच जेवण गेलं होतं आणि पंखा बंद होता. पंखा बंदच ठेवावा लागे, कारण त्याची घरघर माइकमध्ये येई. भिंतींना जाड फोम, खाली गालिचा, दाराला रबराची पट्टी आणि टेबलावर एकच पिवळा दिवा. बाहेरच्या जगाशी त्या खोलीचा काही संबंधच उरत नसे.

मास्तरांनी छत्तीस वर्षं भूगोल शिकवला होता. मागच्या बाकावर झोपलेला मुलगाही दचकून उठेल असा त्यांचा आवाज. निवृत्तीनंतर त्या आवाजाला काही काम उरलं नव्हतं. दूधवाल्याला हाक मारण्यापुरता तो वापरला जाई. त्यामुळे एका लेखिकाबाईंनी आपली मुलांची कादंबरी ध्वनिमुद्रित करण्यासाठी त्यांना विचारलं, तेव्हा मास्तरांनी होकार द्यायला घसा खाकरण्याइतकाही वेळ घेतला नाही. कादंबरी नऊ प्रकरणांची होती. दहा वर्षांची बहीण, आठ वर्षांचा भाऊ आणि वाट माहीत असलेली एक शेळी, असे तिघं डोंगरापलीकडच्या ड्रॅगनला मारायला निघतात. लेखिकाबाईंनी त्यावर सात वर्षं घालवली होती आणि पहिल्याच दिवशी मास्तरांना बजावलं होतं, "स्वल्पविरामसुद्धा गाळायचा नाही हं, मास्तर."

काचेच्या अलीकडे यंत्रापाशी कानसेन बसे. त्याचं खरं नाव स्टुडिओत कुणी वापरत नसे. कानावर हेडफोन चढवले की तो डोळे मिटून घेई. शब्दांकडे त्याचं लक्ष नसायचं. 'श' फुंकला गेला का, खुर्ची करकरली का, वाचणाऱ्याचं पोट गुरगुरलं का, एवढंच तो ऐके. एखाद्याने त्याच्या कानात शिव्यांची लाखोली वाहिली असती तरी "आवाज छान लागलाय" असंच तो म्हणाला असता.

मास्तर वाचू लागले. तिघं डोंगर चढत होते, धुकं होतं, वाट अरुंद होती. दुसऱ्या पानावर अक्षरं जराशी मऊ झाली. तिसऱ्या पानावर ओळी एकमेकींना टेकून बसल्या. चौथं पान मास्तरांनी उलटलंच नाही, पण डोंगर चढणं काही थांबलं नाही. पायाखाली गवत ओलं होतं, पुढे ती मुलगी लाकडी तलवार खांद्यावर टाकून चालली होती, आणि शेळी मधूनच मागे वळून मास्तरांकडे पाहत होती. वर गुहेचं दार उघडं होतं. आतून पिवळा, उबदार उजेड येत होता आणि कुणीतरी आत कामात होतं.

मास्तर गाढ झोपले होते आणि त्यांचा आवाज पुढे चालला होता. छत्तीस वर्षं दुपारच्या तासाला शिकवलेल्या माणसाला हे जमतं.

कानसेनला एवढंच जाणवलं, की आवाज एकदम गोल झालाय. "वा," तो पुटपुटला आणि कागदावर 'असंच चालू द्या' लिहून त्याने काचेला लावला. कागद कुणी वाचला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी लेखिकाबाईंचा एका शाळेत कार्यक्रम होता. त्यांनी ताजं सहावं प्रकरण बरोबर नेलं. आधी ऐकून पाहायला वेळ झाला नाही. शिवाय मजकूर तर त्यांचाच होता. वर्गात चाळीस मुलं मांडी घालून बसली. बाईंनी भाषण थोडक्यात आटोपून यंत्र सुरू केलं.

बहीण-भाऊ गुहेपाशी पोचले. मुलीने तलवार उपसली. पुस्तकात इथे ड्रॅगन म्हणतो, "कोण तो क्षुद्र जीव, ज्यास मरणाची घाई झाली आहे?" यंत्रातला ड्रॅगन म्हणाला, "थांबा तिथेच! पाय पुसून आत या. आत्ता लादी पुसलीय."

हशाने वर्गाचं छप्पर उडालं. ड्रॅगन मात्र थांबायला तयार नव्हता. "ती तलवार दारामागे ठेव. कोपऱ्यात नको, नंतर सापडत नाही म्हणून मलाच विचारशील. आणि ही शेळी कुणाला विचारून आणलीस? पाहुणा आणायचा तर आधी सांगायला नको? अहो, चष्मा डोक्यावर आहे तुमच्या. हो, डोक्यावरच!"

भावाला पुस्तकात चष्मा नव्हता.

बाईंनी यंत्र बंद केलं तर चाळीस मुलं "अजून! अजून!" करून ओरडायला लागली. शेवटी वर्गशिक्षिकेनेच उठून पुन्हा सुरू केलं.

तासाभरात लेखिकाबाई स्टुडिओत होत्या. "माझा ड्रॅगन हजार वर्षांचा आहे, मास्तर! त्याने तीन राजधान्या जाळल्यात! तो लादी पुसेल?"

मास्तरांनी ध्वनिमुद्रण ऐकलं. आधी त्यांना काही कळेना. मग एकेक वाक्य ओळखीचं वाटू लागलं आणि त्यांचे कान तापले. "आवाज माझाच आहे," ते हळूच म्हणाले.

"आणि शब्द कुणाचे?"

शब्द कुणाचे ते मास्तरांना पक्कं माहीत होतं. ते रोज संध्याकाळी दारातच ऐकायचे. "हे पुसून टाका," त्यांनी कानसेनचा हात धरला. "आत्ताच्या आत्ता. हे आमच्या घरापर्यंत पोचलं तर मला या खोलीतच राहावं लागेल."

"पुसतो की," कानसेन म्हणाला, "पण आवाज काय लागलाय, मास्तर!"

पुसायला उशीर झाला होता. दुपारी शाळेतून फोन आला, मुलं वर्गात शिरताना पाय पुसतायत आणि सातवं प्रकरण कधी म्हणून विचारतायत. पाठोपाठ प्रकाशकांचा आला. त्यांचा नातू त्याच वर्गात होता. "पुढची तिन्ही प्रकरणं अशीच हवीत," ते म्हणाले, "ती मिळेपर्यंत नातू मला जागचं हलू देत नाही."

लेखिकाबाई दोन दिवस तोंड पाडून होत्या आणि मग स्वतःच सातवं प्रकरण नव्याने लिहायला बसल्या. ते काही केल्या साधेना. त्यांचा ड्रॅगन म्हणे, "हे बालकांनो, आपली पावलं धूलिमुक्त करा." कानसेनलासुद्धा यात काहीतरी चुकतंय हे कळलं.

"मास्तरांनी पुन्हा झोपायला हवं," तो म्हणाला. "दुसरा इलाज नाही."

मग सलग तीन दिवस दुपारी मास्तरांना झोपवायचा प्रयत्न झाला. पहिल्या दिवशी त्यांना पोटभर जेवू घातलं आणि खुर्चीत उशी ठेवली. मास्तर टक्क जागे. समोर दोन माणसं काचेला नाक लावून आपल्या झोपेची वाट पाहतायत, अशाने कुणाला झोप लागेल? दुसऱ्या दिवशी कानसेन आत बसून यंत्राचं माहितीपुस्तक वाचू लागला. अकराव्या पानावर तो स्वतःच घोरायला लागला. तिसऱ्या दिवशी लेखिकाबाईंनी आपल्या आधीच्या कादंबरीतलं निसर्गवर्णन वाचायला घेतलं. मास्तरांच्या पापण्या जड झाल्या, पण लेखिकेसमोर झोपणं त्यांना उद्धटपणाचं वाटलं. त्यांनी स्वतःला चिमटे काढून डोळे उघडे ठेवले.

"घरी झोप कशी लागते हो तुम्हाला?" कानसेनने वैतागून विचारलं.

मास्तरांनी इकडेतिकडे पाहिलं. "घरी... ही बोलत असते."

चौथ्या दिवशी मास्तरीणबाई ठेवणीतले कपडे घालून आल्या. मास्तरांनी त्यांना एवढंच सांगितलं होतं, की वाचताना एकटं वाटतं, जरा सोबत बस. लग्नाला चौतीस वर्षं झाल्यावर नवऱ्याला एकटं वाटतं म्हटल्यावर त्या काळजीनेच आल्या होत्या.

"किती धूळ आहे या फोममध्ये," त्या आत शिरता शिरता म्हणाल्या. काचेपलीकडे लेखिकाबाई चमकून ताठ बसल्या.

मास्तरीणबाई शेजारच्या खुर्चीत टेकल्या आणि घरातल्या गळक्या नळाबद्दल बोलू लागल्या. प्लंबर सोमवारी येतो म्हणाला, आलाच नाही, मंगळवारी आला तर पाना विसरून आला, पाना आणायला गेला तो... पाना येईपर्यंत मास्तरांची हनुवटी छातीला लागली होती. कानसेनने ध्वनिमुद्रणाचा लाल दिवा लावला.

"मुलगी गुहेत शिरली," मास्तर झोपेत म्हणाले.

"कोणती मुलगी?" मास्तरीणबाईंनी विचारलं.

"तलवारवाली. तिला ड्रॅगनला मारायचंय."

"जेवून आलीय का ती?"

"नाही."

"मग आधी जेवू दे तिला. मारामारी कुठे पळून जातेय? आणि एवढ्याशा पोरांना डोंगरावर एकटं पाठवलं कुणी? आईबाप काय करतात यांचे?"

लेखिकाबाईंच्या हातातलं पेन खाली पडलं. सात वर्षांत हा प्रश्न त्यांना एकदाही सुचला नव्हता. आतली दोघं वीस मिनिटं बोलत राहिली, एक झोपेत आणि एक जागी. बोलता बोलता मुलगी जेवली, भावाच्या शर्टाचं बटण लावून झालं आणि शेळीला बसायला पोतं मिळालं.

मग लेखिकाबाईंना राहवलं नाही. दार उघडून त्या आत आल्या, मास्तरीणबाईंचे दोन्ही हात धरून म्हणाल्या, "तुमचं सहावं प्रकरण ऐकलंत का तुम्ही?" आणि कुणी काही बोलायच्या आत त्यांनी कानसेनला खूण केली.

गुहेतल्या ड्रॅगनचा आवाज खोलीत भरला. मास्तर त्या आवाजाने जागे झाले, आपली बायको काय ऐकतेय हे त्यांच्या लक्षात आलं आणि आपण अजून झोपेतच असलो तर बरं होईल असं त्यांना वाटलं. मास्तरीणबाई शेवटपर्यंत ऐकत होत्या. चेहऱ्यावरची एक सुरकुतीही हलली नाही.

"ही मी आहे," त्या म्हणाल्या.

"अगं, झोपेत माणूस काहीबाही..."

"मी अशी बोलते?"

कानसेनने हेडफोन कानावर चढवून घेतले. लेखिकाबाई फोमच्या भिंतीकडे पाहू लागल्या.

"'लादी पुसलीय' नाही म्हणत मी," मास्तरीणबाई म्हणाल्या. "'लादी ओली आहे' म्हणते. पुसलीय म्हटलं की तुम्हाला वाटतं वाळली असेल, आणि तसेच आत येता. सरका जरा. कुठे बोलायचं, या जाळीत?"

त्या दिवसापासून ड्रॅगन त्यांच्याकडे गेला. सहावं प्रकरण नव्याने झालं, सातवं झालं, आठवं झालं. मास्तरांकडे निवेदन राहिलं आणि शेळी. शेळी त्यांनी मन लावून केली. घरी आरशासमोर ते बेंबें करत आणि आतून आवाज येई, "रागावलेली वाटतेय. जरा मायेने." ते पुन्हा करत.

भांडण झालं ते नवव्या प्रकरणावरून. पुस्तकाच्या शेवटी ड्रॅगन मुलांचा निरोप घेतो आणि उत्तरेच्या बर्फाकडे उडून जातो, कायमचा.

"कुठे जाणार ती या वयात?" मास्तरीणबाईंनी विचारलं. "आणि बर्फात? एवढी गुहा लावलीय ती टाकून?"

"शेवट मी बदलणार नाही," लेखिकाबाई म्हणाल्या. "सगळं बदललंत तुम्ही. शेवट माझा आहे."

मास्तरीणबाईंनी ऐकून घेतलं. लेखिकेचा शब्द शेवटचा, एवढं त्यांना कळत होतं. त्यांनी पानं हातात घेतली.

पुन्हा तीच दुपार, तोच बंद पंखा, तोच पिवळा दिवा. मास्तरीणबाईंनी सकाळपासून घर आवरलं होतं. ड्रॅगनने मुलांच्या डब्यात खाऊ भरला, मफलर गुंडाळले, वाटेत कुठे पाणी आहे ते सांगितलं. मग ड्रॅगन पंख पसरू लागली. "आता मला," मास्तरीणबाईंनी वाचलं, "आता मला उत्तरेकडे..." आणि त्यांचं डोकं हळूच मास्तरांच्या खांद्यावर आलं.

काचेपलीकडून कानसेनने खुणेने विचारलं, उठवू? ध्वनिमुद्रण थांबवायला लेखिकाबाईंचा हात वर गेला होता. मास्तरांनी पानाकडे पाहिलं, मग खांद्याकडे पाहिलं. त्यांनी आयुष्यात कधी काढला नव्हता इतका खालचा आवाज काढला.

"ड्रॅगन झोपली," ते माइकमध्ये म्हणाले. "दिवसभर केवढं काम होतं तिला. मुलीने तलवार न वाजवता उचलली. भावाने दार ओढून घेतलं. शेळी..." शेळी बेंबें करणार होती, पण मास्तरांनी तो बेत रद्द केला. "शेळी पाय न वाजवता चालू लागली. बाहेर धुकं होतं. डोंगर झोपलेला होता. आणि गुहेतून एक संथ श्वास येत होता... जात होता... येत होता..."

तो श्वास माइकमध्ये स्वच्छ आला होता. कानसेनने डोळे मिटून घेतले. लेखिकाबाईंचा वर गेलेला हात केव्हातरी खाली आला आणि गालाखाली गेला.

पुस्तक तसंच बाहेर पडलं आणि घराघरांत पोचलं. पत्रं यायला लागली, तीही मुलांपेक्षा आईबापांची जास्त. नववं प्रकरण लावलं की पोरं झोपतात, तुमचे उपकार कसे फेडू, असं सगळ्यांनी लिहिलं होतं. आणि खाली जवळजवळ प्रत्येकाने एक ओळ घातली होती: शेवट काय होतो ते कृपया कळवावं, आम्हीही तिथवर जागे राहत नाही.

एका दुपारी ती पत्रं चाळता चाळता मास्तरीणबाई पलंगावर आडव्या झाल्या.

"अहो," त्या म्हणाल्या, "मलाही ठाऊक नाही. मी तर झोपलेच होते. काय झालं हो शेवटी?"

मास्तर आनंदाने उठून बसले. हा प्रश्न त्यांना तोंडी अजून कुणी विचारलाच नव्हता. त्यांनी चष्मा नीट केला, घसा खाकरला आणि अगदी सुरुवातीपासून, डोंगराच्या पायथ्यापासून सांगायला घेतलं.

तिघं पहिल्या वळणावर पोचायच्या आतच मास्तरीणबाई झोपल्या होत्या.