सारखा म्हणजे तोच नव्हे

हुबळी-धारवाडात आमच्या नात्यातलं कुठलंही बारसं असो, बाळ पाळण्यात जाण्याआधी अण्णांच्या हातात जायचं. कुठल्या पोथीत असं सांगितलेलं नाही. तरी पाळणा सजलेला, घुगऱ्या तयार, बायका पाळण्याच्या दोन्ही बाजूंना उभ्या, आणि सगळे खोळंबलेत कुणासाठी, तर खिडकीशी बाळ घेऊन उभ्या राहिलेल्या अण्णांसाठी. चष्मा कपाळावर चढवलेला. जुन्या हुबळीत त्यांचं भांड्यांचं दुकान होतं. तांब्याला कुठं पोचा आहे का बघावं, तसं ते पोराला उजेडात धरून या बाजूनं त्या बाजूनं न्याहाळत. मग निकाल.

"नाक आजोबांसारखं. कपाळ आईच्या वळणावर. हनुवटी... हनुवटीचं उद्या सांगतो."

आणि खरंच दुसऱ्या दिवशी दुकान उघडायच्या आधी येऊन हनुवटीचं सांगून जात.

अण्णा म्हणजे माझ्या आईचे मावसभाऊ. नात्यानं मामा, पण सगळ्या गल्लीचे अण्णा म्हणून माझेही अण्णाच. लग्न केलं नाही. दुकानाच्या माडीवर एकटे राहत. माणसांची नावं त्यांना पाठ होती, पण वापरायला आवडत नसत. समोरचा माणूस ज्याच्यासारखा दिसतो, त्याच्या नावानं ते हाक मारत. माझी आई शांता. तिच्या भुवया मला आल्या, म्हणून मी "शांताची भुवई". भर कोप्पीकर रोडवर मी बँकेतल्या साहेबांबरोबर चाललोय आणि पलीकडून हाक येते, "ए शांताच्या भुवई! कुठं निघालायस?" पुढं कित्येक दिवस साहेब माझ्याशी बोलताना आधी भुवईकडं बघत, मग माझ्याकडं.

'सारखा' या शब्दाच्या बाबतीत अण्णा फार कडक होते. कुणी सहज म्हणालं, "पोरगा अगदी बापासारखा हो!" की अण्णा तिथंच अडवत. "कुठं? दाखव." त्यांच्याकडं त्याची प्रतवारी लावलेली होती. 'वळणावर' म्हणजे नुसती सुरुवात. 'सारखा' म्हणजे पक्कं. 'थेट' हा शब्द ते क्वचितच काढत, सणासुदीला चांदीचं ताट काढावं तसा.

मी एकदा म्हणालो, "अण्णा, सारखा म्हणजे तोच की. त्यात एवढं काय?"

"तोच? तोच असता तर सारखा कशाला म्हणायचं रे? सारखा म्हणायला दोघं लागतात. आणि दोघांच्या मधे थोडी जागा लागते. जागाच नसली तर बघायचं काय?"

हा कायदा माणसांपुरता नव्हता. एका हॉटेलात पोऱ्यानं विचारलं, "काफी हेंग अद, अण्णा?" कॉफी कशी आहे? अण्णा गंभीरपणे म्हणाले, "काफी हांग अदप्पा." कॉफीसारखी आहे बाबा. तो पोऱ्या खूश होऊन गेला. अण्णांनी केवढी मोठी तक्रार केली होती हे फक्त मला कळलं.

निकालाच्या वेळी समोर कोण बसलंय, याचा विचार त्यांना शिवत नसे. धारवाडात आमचे एक वकील नातेवाईक होते. त्यांचं आणि त्यांच्या थोरल्या भावाचं घरावरून कोर्टात चाललेलं. एकमेकांच्या दारावरून जायला लागू नये म्हणून दोघं लांबच्या रस्त्यानं फिरून जात. वकिलांच्या नातवाच्या बारशाला अण्णांनी पोर उजेडात धरलं आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं, "कान थोरल्यांचे. थेट!"

पाळण्याची दोरी धरलेला हात तसाच राहिला. वकिलीणबाईंनी त्या दिवसापासून पोराला उन्हाळ्यातसुद्धा कानटोपी घातली. पण बातमी थोरल्यांपर्यंत गेलीच. एका सकाळी ते फाटकाशी येऊन उभे राहिले. आत येईनात. एवढंच म्हणाले, "कान बघून जातो." टोपी काढावी लागली. खटला त्यानंतरही चालू राहिला, पण थोरले दर रविवारी कान बघायला यायला लागले आणि चहा घेऊन जायला लागले.

हे सगळं मी चारचौघांत रंगवून सांगत असे. पुढचं मात्र कधी सांगितलं नाही. स्वतःबद्दल मी मुळात कमी बोलणारा, आणि न बोलून बरंच काही लपवता येतं हे मला लवकर कळलं होतं.

आम्हाला मूल नव्हतं. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला माझी बदली विजापूरला होती. तिथून धारवाडला परत येताना आम्ही मुक्ताला घेऊन आलो, परगावच्या एका संस्थेतून. काही महिन्यांची होती. कायद्याचं सगळं रीतसर केलं. फक्त नातेवाइकांना सांगितलं नाही. ठाऊक होतं ते मला, माझ्या बायकोला म्हणजे नीलाला, आणि आईला. बाकीच्यांनी जे समजायचं ते समजून घेतलं, आणि मी समजू दिलं.

धारवाडजवळ रायापूरला आमच्या भाड्याच्या घरात बारसं ठरलं. आई हळूच म्हणाली, "अण्णाला बोलवू नको. तो खोटं बोलायचा नाही रे."

मी बोलावलं नाही.

बारशाच्या दिवशी अण्णा सिटी बसमधून उतरून, धोतराचा सोगा सावरत सरळ दारात. त्यांना माझ्याच कमळाआत्यानं सांगितलं होतं. कमळाआत्याला एखादी गोष्ट कळली की वेगळी दवंडी पिटावी लागत नसे.

"बोलवायचं विसरलास वाटतं, भुवई," अण्णा म्हणाले. "चालतं. नवा बाप विसरतो."

कमळाआत्यानं नीलाच्या मांडीवरनं मुक्ताला उचललं आणि अण्णांकडं दिलं. "बघा बाई तुम्हीच. मी मघापास्नं शोधतेय, मला तर हिच्यात आमच्या घरातलं कुणीच दिसत नाही. नीलाच्या माहेरचंही नाही."

अण्णा खिडकीशी गेले. चष्मा वर गेला. त्यांनी बघायला सुरुवात केली आणि थांबलेच. नीला भिंतीला टेकून उभी होती, तिनं पदराचं टोक मुठीत घट्ट धरलं होतं. आई देवघरात जाऊन बसली. मी चपलांच्या ढिगाकडं बघत होतो.

"काय हो अण्णा?" आत्या म्हणाली. "कुणासारखी?"

"अजून ठरली नाही."

"अं? हे काय नवीनच!"

"नवीन काय त्यात? काही पोरं येतानाच ठरवून येतात, कमळाबाई. काही इथं येऊन आधी सगळ्यांना बघतात, मग ठरवतात. ही बघणाऱ्यातली आहे. बघा की, तुमच्याकडं कशी टक लावून बघायलीय."

मुक्ता खरंच आत्याकडं डोळे वटारून बघत होती. बायका हसल्या. आत्या म्हणाली, "माझ्यासारखी नको गं बाई होऊस!" आणि पाळणा सुरू झाला.

"मला दर वर्षी येऊन बघावं लागणार," अण्णा घुगऱ्या खात म्हणाले. "काम वाढलं."

त्यांना बसपर्यंत सोडायला मी निघालो. रस्त्यात मी म्हणालो, "अण्णा, तुम्हाला कळलं?"

"मी काय आंधळा आहे?"

बराच वेळ बस आली नाही. मग हुबळीच्या दिशेला बघत अण्णा बोलायला लागले, दुकानातल्या गिऱ्हाइकाशी बोलावं इतक्या साध्या आवाजात.

"मी दत्तक. तुझ्या आईच्या मावशीनं घेतलेला. तुला माहीत नसणार. तुमच्या घरात कोण कशाला बोलतंय! शाळेतसुद्धा जात नव्हतो तेव्हा. घरी येणारा प्रत्येक माणूस माझी हनुवटी धरून म्हणायचा, हा कुणासारखा म्हणायचा? आणि आई आत निघून जायची. मला वाटायचं, माझंच काहीतरी चुकतंय. मग मी दुकानात बसून अप्पांकडं बघायचो. ते वजन करताना खालचा ओठ असा पुढं काढायचे. मी पितळी परातीत बघून तसा ओठ काढायला शिकलो."

"मग?"

"मग काय! एक दिवस खेड्यातलं एक गिऱ्हाईक आलं. माझ्याकडं बघून म्हणालं, 'नी अप्पन हांग अदी नोडु.' तू बापासारखा आहेस बघ. त्याला बिचाऱ्याला काय माहीत? अप्पा एवढे चिकट, सुतळीचा तुकडासुद्धा जपून ठेवणारे. त्या माणसाला तांब्या तसाच देऊन टाकला. आणि आत जाऊन तोंड धुऊन आले."

बस आली. पायरीवर पाय ठेवून अण्णा वळले. "पोरीला सांग मात्र. कळायला लागली की लगेच. दुसऱ्याच्या तोंडून कळू देऊ नको."

"सांगतो," मी म्हणालो.

दर वर्षी मुक्ताच्या वाढदिवसाला अण्णा येत. चष्मा वर करून बघत, आणि म्हणत, "अजून बघतीय." मुक्ता मोठी झाली तशी ती वैतागायला लागली. "अण्णाअज्जा, सगळ्यांचं सांगता, माझंच का नाही?" "घाई काय आहे?" अण्णा म्हणत. निघताना फाटकाशी मला एकच प्रश्न, "सांगितलंस?" आणि माझं एकच उत्तर, "पुढच्या वर्षी नक्की." एकदा परीक्षा होती. एकदा आई आजारी होती. एकदा तर मी पाऊस फार आहे असं सांगितल्याचं आठवतं. नीला म्हणायची, "तुम्हाला जमत नसेल तर मी सांगते." मी म्हणायचो, मीच सांगणार. तिला फसवत होतो की स्वतःला, मला अजून कळलेलं नाही.

मुक्ता हायस्कुलात गेली, त्या वर्षी अण्णा फाटकाशी म्हणाले, "आता तू सांगितल्याशिवाय मी यायचा नाही. तिच्या डोळ्यात बघून दर वर्षी तेच वाक्य म्हणायचं म्हणजे मलाही खोटं बोलल्यासारखं होतंय. सारखं कशाला, खोटंच ते."

मला वाटलं, म्हातारा रागावलाय, येईल. पुढच्या वाढदिवसाला मुक्तानं त्यांचं पान मांडलं. पुरणपोळी झाकून ठेवली. दुपार कलली तशी ती त्यांच्या दुकानावर फोन लावून आली. "अण्णाअज्जा घरीच आहेत. तब्येत बरी आहे म्हणाले. मग येत का नाहीत, विचारलं, तर म्हणाले बापाला विचार." ती माझ्यासमोर येऊन उभी राहिली. "बाबा, तुम्ही भांडलात त्यांच्याशी?"

नीला स्वयंपाकघराच्या दारात येऊन थांबली. त्या दिवशी मी सांगितलं. कुठून सुरू केलं आठवत नाही. विजापूरपासून केलं असेल. संस्थेचा दरवाजा, नीलानं तिला पहिल्यांदा घेतलं ते, बारसं, मी अण्णांना बोलावलं नाही ते, बस स्टॉपवरचं, सगळं. मुक्ता खाली बघून पाटाच्या कडेवरून बोट फिरवत होती. रडली नाही. मला तिनं रडायला हवं होतं.

मग तिनं विचारलं, "अण्णाअज्जांना पहिल्या दिवसापासून माहीत होतं?"

"हो."

"आणि तरी दर वर्षी बघायला येत होते?"

"हो."

ती उठली, आत गेली, दार लावून घेतलं. दोन दिवस माझ्याशी मोजकं बोलली. त्याबद्दल तिला दोष द्यायचा मला हक्क नव्हता. तिसऱ्या दिवशी शाळेला जाताना म्हणाली, "त्यांना रविवारी बोलवा. तुम्ही मला सांगितलंय म्हणा."

रविवारी अण्णा आले. आधी माझ्याकडं बघितलं, मी मान हलवली. ते कोचावर बसले. मुक्ता पाणी घेऊन आली आणि समोर उभी राहिली.

"अण्णाअज्जा, माझं ठरलं."

"काय ते?"

"कुणासारखी ते. तुमच्यासारखी."

नीला आतून बाहेर आली. अण्णांनी पेला खाली ठेवला, चष्मा कपाळावर चढवला.

"असं फुकट म्हणायचं नाही हं. कुठं? दाखव."

"लोकांकडं टक लावून बघता तुम्ही. मीही बघते, आई त्यावरनं रागावते. चहा गार करून पिता, मीही. आणि..." ती थोडी अडखळली. "तुम्हीसुद्धा आधी नुसतं बघत बसलात, मग ठरवलंत. बाबांनी सांगितलं मला."

अण्णांचा खालचा ओठ किंचित पुढं आला. ते खिडकीबाहेर बघत राहिले. मग म्हणाले, "वळणावर आहेस म्हण फार तर. सारखी नको म्हणूस. माझं नाक वाईट आहे."

"सारखीच," मुक्ता म्हणाली.

उभ्या जन्मात मी पहिल्यांदाच बघितलं, की या शब्दावरून अण्णांनी वाद घातला नाही.

ऊन उतरलं तसा मी त्यांना बसपर्यंत सोडायला म्हणून चपला घातल्या. अण्णा जागचे हलले नाहीत. हा माणूस कधी कुणाकडं मुक्कामाला राहिलेला नव्हता. आपलं अंथरूण सोडून झोप येत नाही म्हणायचा.

"आज इथंच राहावं म्हणतो," ते भिंतीकडं बघत म्हणाले. "चालेल ना?"

मी उत्तर देईपर्यंत मुक्ता आतून स्वतःची उशी घेऊन आली होती.