आजचबाई आणि जांभळं धुकं

मंगळवारी सकाळी अकरा वाजून दहा मिनिटांनी नगरकचेरीच्या आवक विभागात, फाटकावरच्या वहीत सही न करता, जांभळ्या रंगाचं धुकं दाखल झालं. ते खिडकीतून आलं, टेबलांखाली शिरलं आणि कपाटांच्या फटींतून डोकावू लागलं. कचेरीत शिरणाऱ्या प्रत्येक गोष्टीला आवक क्रमांक पडलाच पाहिजे, म्हणून आवक कारकून बाईंनी वहीत 'धुकं, जांभळं, एक नग' अशी नोंद केली आणि शिक्का मारायला हात वर उचलला. हात वर गेला तो गेलाच. त्याच्या पाठोपाठ बाईही गेल्या आणि छताला टेकल्या.

या बाईंना सगळी कचेरी आजचबाई म्हणत असे. आलेला कागद त्या आजच निकाली काढत. तेवीस वर्षांच्या नोकरीत 'उद्या या' हे शब्द त्यांच्या तोंडून एकदाही निघाले नव्हते. सहकाऱ्यांनी ही त्यांची खोड मोठ्या मनाने सांभाळून घेतली होती.

कचेरीतलं दुसरं कुणी उडालं नाही. नऊ हजार कागदांच्या गराड्यात बसलेले अभिलेख कारकून जागचे हललेही नाहीत. पण ते एरवीही हलत नसत, त्यामुळे त्यावरून काही सिद्ध होईना. साहेबांनी तातडीने समिती नेमली. तोवर शहरातूनही सात माणसं हवेत गेल्याची खबर आली होती, आणि त्या सातही जणांची कचेरीतली कामं झालेली होती. समितीने निष्कर्ष काढला की या धुक्यात माणसाला भार असतो तो फक्त अडलेल्या कागदाचा. कागद ज्याच्या नावाचा किंवा ज्याच्या टेबलावरचा, त्याला तो जमिनीवर धरून ठेवतो. निकाली निघालेला कागद कुणालाच धरत नाही.

हे कळताच शहर कचेरीवर लोटलं. लोक ओळखी काढू लागले, शब्द टाकू लागले, काम होऊ नये म्हणून हातापाया पडू लागले. एका पाववाल्याचा भट्टीचा परवाना त्याच दिवशी मिळायचा होता. त्याने साहेबांचे पाय धरले ते परवाना रखडेपर्यंत सोडले नाहीत. काही सावध नागरिकांनी आपलं काम अडलेलं असल्याचा रीतसर दाखला मागितला. पण दाखला मिळाला की तेवढं काम झालं, आणि दाखलाधारक रांगेतूनच वर जाऊ लागले. मग दाखल्याचे अर्ज घ्यायचे आणि दाखला द्यायचा नाही, असं परिपत्रक निघालं. कचेरीवर इतकं खूश शहर आजवर कुणी पाहिलं नव्हतं.

आजचबाई मात्र छताशी घामाघूम झाल्या होत्या, कारण त्या सातांतला एक त्यांचा नवरा होता. तो घड्याळं दुरुस्त करी. दुकानाच्या पाटीसाठी त्याने केलेला अर्ज बाईंनी चाळीस मिनिटांत मंजूर केला होता. सासूबाईंचा निरोप आला, की तो दिव्याच्या खांबाहून वर गेलाय, कपडे वाळत घालायच्या दोरीने बांधलाय आणि दोरी झिजतेय. धुक्याच्या वर काय आहे ते कुणालाच ठाऊक नव्हतं. सकाळी वर गेलेला पोस्टमन अजून परतला नव्हता.

शिपायाने जळमटं काढायच्या काठीने बाईंना खाली ओढलं. अभिलेख कारकुनांनी सही घेऊन ऐंशी अडलेले कागद त्यांच्या नावावर केले. बाई गठ्ठा उराशी धरून धावल्या. पण जाता जाता वरच्या कागदावर नजर गेली. सोपं प्रकरण होतं, सही ठोकली. मग दुसऱ्यावर. दुकानाशी पोचेपर्यंत दोन कागद उरले होते आणि बाई बोटांच्या टोकांवर उड्या घेत होत्या.

खाली सासूबाई दोरी धरून उभ्या होत्या. शेजाऱ्याच्या गटाराबद्दलची त्यांची तक्रार अकरा वर्षं पडून होती, त्यामुळे त्यांना धुक्याने काडीइतकंही हलवलं नव्हतं.

"अगं, इथून शहर काय गोड दिसतंय," नवरा वरून म्हणाला. "पण दोरीचे दोनच पेड राहिलेत."

"अहो, काहीतरी मागा. लवकर."

त्याने दुकानासमोर दिवा मागितला. बाईंनी अर्ज लिहून घेतला. कोपऱ्यावर एक दिवा जास्तीचा आहे हे त्यांना आठवलं आणि हाताने मंजुरी देऊन टाकली. नवरा हातभर वर गेला. मग त्याने बाक मागितला, तोही मंजूर झाला. दोरीचा एक पेड तुटला.

"सूनबाई," सासूबाई म्हणाल्या, "मंजूर करत करत तू माझ्या लेकाला आभाळात घालवणार."

बाईंना रडू फुटलं. टेबल रिकामं करायची त्यांना कसलीही हौस नव्हती. पाच वाजता निघून या माणसाबरोबर घरी चालत जायचं, एवढ्यासाठी त्या तेवीस वर्षं आजचं आज उरकत आल्या होत्या.

"मला खाली यायचंय गं," तो म्हणाला. आता त्याचा आवाज घाबरलेला होता.

बाईंनी लिहिलं, 'विषय: खाली येण्याबाबत.' इतकी रास्त मागणी त्यांच्या खिडकीवर कधी आली नव्हती. लेखणी मंजुरीच्या रकान्याकडे निघाली. उरलेला पेड करकरला. बाईंनी डोळे गच्च मिटले आणि कागद पदराखाली दडवला.

"उद्या या."

नवरा धाडकन त्यांच्या अंगावर येऊन पडला. दोघं रस्त्यात गडाबडा लोळत वेड्यासारखी हसत सुटली.

तीन दिवसांनी धुकं निघून गेलं. पण ते परत येणार नाही अशी हमी कोण देणार, म्हणून परिपत्रक कायम राहिलं. आजचबाईंच्या टेबलामागे आता बाई दिसत नाहीत, इतके कागद साठलेत. नवरा रोज खिडकीशी येऊन आपल्या अर्जाचं काय झालं ते विचारतो, ठरलेलं उत्तर ऐकतो आणि समाधानाने दुकानाकडे वळतो.

हे वाचताना तुमचे पाय जमिनीला टेकलेले असतील, तर कुठल्यातरी कचेरीत कुणीतरी तुमच्या नावाचा कागद जिवापाड अडवून ठेवला आहे. परवा खिडकीवर तुम्ही ज्याच्यावर ओरडलात, तोच असेल. त्याची माफी मागून या. माफीचा अर्जही तो ठेवून घेईल.